सूर्य न उगवणाऱ्या गावी

माझ्या लेकीचा जीव माझ्या न्याहारीवर टांगलेला आहे, अशी दोन-अडीच वर्षं माझी पक्की समजूत होती. हे वाचून कुणाला हसू आलं तर मी रागावणार नाही, कारण आता माझं मलाही येतं. पण त्या काळात रोज सकाळी मला जी धास्ती वाटायची, तिच्यात हसण्यासारखं काही नव्हतं. देव आहे की नाही, ही शंका मला कधीच नव्हती. शंका होती ती स्वतःबद्दल. मी त्याच्यावर विश्वास ठेवते आहे, की तो दिलेला शब्द पाळतो की नाही यावर नुसती पाळत ठेवून आहे, हे माझं मलाच सांगता येत नव्हतं.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. आम्ही तेव्हा बहरीनमध्ये सनद नावाच्या वस्तीत राहत होतो. यांची नोकरी मीना सलमान बंदराजवळच्या गोदामांत, तिथले खोलीएवढाले फ्रीझर चालू ठेवण्याची. बाहेर अंगाची लाही होत असताना हे आत जाड जाकीट घालून, नाक लाल करून काम करायचे. आमची एकुलती एक लेक ऋचा. ती सहा वर्षांची असताना तिला मेंदूज्वर झाला. हॉस्पिटलात ती बेशुद्ध पडून होती आणि डॉक्टर आमच्याशी बोलताना खाली बघत होते. घाईत निघताना देवाची तसबीर बरोबर घ्यायचंही सुचलं नव्हतं, पण तिच्या खोलीची खिडकी पूर्वेला होती. पहाटे मी तिथे उभी असताना समोरच्या सपाट गच्च्यांवरून सूर्य वर आला. माझ्या माहेरच्या पंचक्रोशीत, कोकणात, सूर्यनारायणाचं देऊळ आहे आणि वडील रोज अंगणात उभे राहून अर्घ्य द्यायचे. त्यामुळे हात आपोआप जोडले गेले आणि तोंडून निघून गेलं, की माझी पोर मला परत दे, ती शिकून स्वतःच्या पायावर उभी राहीपर्यंत तुझं दर्शन घेतल्याशिवाय मी अन्नाला शिवणार नाही. त्याच दिवशी दुपारी ऋचाने डोळे उघडले आणि ज्यूस मागितला. डॉक्टर म्हणाले, औषध लागू पडलं. ते खरंच होतं, पण मी शब्द देऊन बसले होते.

बहरीनमध्ये हा नेम पाळायला कष्ट असे काहीच नव्हते. सकाळी आंघोळ करून गच्चीवर जायचं, तांब्याच्या गडूने पाणी सोडायचं, खाली येऊन चहा-पोळी खायची. हे चेष्टा करायचे, "नवस बोलावा तर तुझ्यासारखा. या मुलखात सूर्य दिसला नाही असं कधी झालंय काय गो?" वाळूचा वारा सुटला की धुरळ्याआड तो फिकट टिकलीएवढा दिसायचा, पण दिसायचा. हिवाळ्यात एखादा दिवस मात्र ढगाळ निघे. मग मी उपाशीपोटी गच्चीच्या खेपा घालत राही, आणि ऋचा शाळेतून परत येईपर्यंत माझं कशात लक्ष लागत नसे. तिला साधी शिंक आली तरी मी मनातल्या मनात मागचे दिवस चाचपून बघायची, की कुठे चुकलं का. एकदा तिने विचारलं, "आई, व्हाय डू यू ईट आफ्टर द सन?" मी म्हटलं, "तुझ्यासाठी." एवढंच म्हटलं आणि कामाला लागले. मुलं ऐकलेलं विसरतात अशी आपली समजूत असते.

आमच्या समोरच्या बिऱ्हाडात शोभाताई राहायच्या. मूळच्या नागपूरच्या, एका ऑफिसात सेक्रेटरी, आणि त्यांचे यजमान इलेक्ट्रिशियन. त्यांच्या घरी बुद्धाची मूर्ती होती, समोर रोज मेणबत्ती लागायची, पण नवस-सायास या गोष्टी त्यांना मान्य नव्हत्या. तरी त्यांनी मला कधी हिणवलं नाही. एवढंच एकदा विचारलं, "तुझा देव रोज हजेरी घेऊन राहिला का बाई? तो देव आहे का सुपरवायझर?" मी हसून वेळ मारून नेली. तो प्रश्न मात्र बरेच दिवस डोक्यातून गेला नाही, कारण नसत्या चौकशा करणं हा माझा स्वभावच आहे आणि हा प्रश्न मी स्वतः विचारायला हवा होता.

अशात आम्हाला बक्षीस लागलं. दुधाच्या पावडरीच्या डब्यावरचं कुपन ऋचाने भरून दुकानातल्या पेटीत टाकलं होतं. बहरीनमध्ये अशा सोडती कायम चालू असत आणि लागली तर गाडी लागावी अशी सगळ्यांची इच्छा असे. आम्हाला लागली दोघांसाठी नॉर्वेची सहल. नॉर्दर्न लाइट्स बघायला, प्रायव्हेट टूर, सोबत गाइड. ते लाइट्स म्हणजे काय हे आमच्या दोघांच्याही गावी नव्हतं. त्याच्या बदल्यात एखादं वॉशिंग मशीन मिळेल का, असं यांनी विचारून बघितलं. "मफी," दुकानदार म्हणाला, म्हणजे नाही. मग शोभाताईंनी ऑफिसातून माहिती काढली, की उत्तरेकडे आभाळात हिरवा-जांभळा उजेड पडद्यासारखा हलतो. झालं, माझी झोप उडाली. आभाळात उजेड हलतो म्हणजे कसा हलतो? त्याला आवाज असतो का? आपण खाली उभे राहिलो तर आपल्या अंगावर तो पडतो का? हे म्हणाले, "तू जायचंच म्हणतेस तर." ऋचाला शोभाताई सांभाळणार होत्या. त्यांच्याकडे राहायचं म्हटल्यावर तिला आमच्या जाण्याचं विशेष काही वाटलं नाही.

तयारी सगळ्या बिल्डिंगने केली. कुणी माकडटोपी दिली, कुणी मफलर. आणि यांनी गोदामातून फ्रीझरमध्ये घालायची दोन जाकिटं मागून आणली, पाठीवर मोठ्या अक्षरांत गोदामाचं नाव असलेली, गोठलेल्या कोंबड्यांचा बारीकसा वास येणारी. थंडीची काळजी झाली, जेवणाची झाली, व्हिसाची बक्षीस देणाऱ्यांनी केली. माहितीपत्रकात लिहिलं होतं, की डिसेंबरमध्ये तिथे ध्रुवीय रात्रीची जादू अनुभवा. आम्ही वाचलं. रात्रीच तर बघायचंय, असं म्हणून पान उलटलं. दिवस लहान असणार एवढं यांना ठाऊक होतं, आणि लहान का होईना, दिवस म्हटला की सूर्य आलाच. ज्या गावात माणूस सूर्यापासून तोंड लपवण्यासाठी पडदे ओढून बसतो, तिथे राहून आणखी काय सुचणार?

विमानं बदलत आम्ही ऑस्लोला पोहोचलो. विमानतळाच्या काचेतून उशिरा उगवलेला सूर्य दिसला, मी हात जोडले, डब्यातल्या दशम्या खाल्ल्या. तिथून छोट्या विमानाने उत्तरेला. उतरलो तेव्हा दुपारच होती, पण बाहेर काळोख पडला होता आणि बर्फावर रस्त्याचे दिवे चमकत होते. मला त्याचं नवल वाटलं, काळजी वाटली नाही. न्यायला एक साठीची, धिप्पाड, पांढऱ्या केसांची बाई आली होती. तिचं नाव मारिट. हीच आमची गाइड. प्रायव्हेट टूर म्हणजे काय हे तेव्हा कळलं: ती, तिची जुनी व्हॅन, आणि आम्ही दोघं. आमच्या पाठीवरची अक्षरं वाचून ती खूश झाली. तिला वाटलं, वाळवंटातल्या लोकांकडे थंडीचा युनिफॉर्म असतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी आंघोळ करून, गडूत पाणी घेऊन आमच्या खोलीच्या खिडकीशी उभी राहिले. खूप वेळ उभी राहिले. खाली न्याहारीला मारिट येऊन बसली होती. मी माझ्या मोडक्यातोडक्या इंग्रजीत तिला विचारलं, की सूर्य किती वाजता उगवतो. ती हसली आणि म्हणाली, "जानेवारीत." मला वाटलं तिला माझा प्रश्न नीट कळला नाही. मी पुन्हा विचारलं. तिने हाताने समुद्राची रेघ दाखवली, तिच्याखाली मूठ धरली आणि समजावलं, की हे दोन महिने तो या रेघेखालूनच जातो, वर येत नाही. मी यांच्याकडे बघितलं. यांच्या हातातला पाव तसाच राहिला. पुढे पुष्कळदा त्या क्षणावरून आम्ही हसलो आहोत, पण तेव्हा हे फक्त म्हणाले, "अगो, हे कुणी लिहिलं नव्हतं."

लिहिलं होतं, आम्हाला वाचता आलं नव्हतं. मी पाणी पिऊन उठले. यांनी दिवसभर परोपरीने समजावलं. तिकडे सनदला सूर्य उगवलेलाच आहे, आपण तिथले रहिवासी, तिथलाच धरायचा. शोभाताईंना फोन करू, त्या बघून सांगतील. देव काही तुझ्यामागे हवामान खात्याचा माणूस होऊन लागलेला नाही. ऐकताना मला पटायचं आणि ऐकून झालं की पटायचं नाही. मी दर्शन म्हटलं होतं, बातमी नव्हती म्हटली. आणि खरं सांगायचं तर भीतीला युक्तिवाद कळत नाही. मला आतून एकच दिसत होतं, की मी घास घेतला आणि तिकडे माझी पोर पुन्हा तशीच पडली. संध्याकाळी सहज म्हणून शोभाताईंच्या घरी फोन लावला, तर त्या म्हणाल्या, "काळजी करू नको, पण ऋचाला ताप आहे थोडा. घसा आला आहे. डॉक्टरला दाखवलं." अजून तर मी काही खाल्लंही नव्हतं, आणि तेवढ्यात हे. म्हणजे सूर्याने तोंड फिरवलंय, असंच माझ्या मनाने घेतलं.

परतीची तिकिटं बदलायचा यांनी प्रयत्न केला, पण मधल्या दिवसांत जागा नव्हती. त्या संध्याकाळी मारिट आम्हाला ढग नसलेलं आभाळ शोधत डोंगरांतून फिरवत होती, पण सगळीकडे कापसासारखे ढग होते आणि मला लाइट्सची सुधही नव्हती. मी गडूभर पाणी पीत होते आणि मनात हिशेब चुकला कुठे, हेच शोधत होते.

दुसऱ्या दिवशी दुपारी मारिटने एक गोष्ट केली. तिला माझा प्रश्न लक्षात राहिला असावा. ती आम्हाला समुद्राच्या एका उघड्या टोकावर घेऊन गेली आणि दक्षिणेकडे बोट दाखवून थांब म्हणाली. थोड्या वेळाने तिकडचं आभाळ उजळायला लागलं. आधी निळं, मग गुलाबी, मग क्षितिजाशी केशरी. अगदी आपल्याकडे सूर्य वर येण्याआधी असतं तसं. भुकेने डोकं हलकं झालं होतं तरी कुतूहल जागं झालं, की आता काय होईल. केशरी रंग क्षितिजावरून हळूहळू उजवीकडे सरकत गेला, जणू कुणी भिंतीपलीकडून कंदील घेऊन चाललं आहे, आणि मग निवत निवत पुन्हा निळा झाला. पहाट आली आणि दिवस न होता तिचीच संध्याकाळ झाली. आयुष्यभर मी सूर्याला उगवणारा आणि मावळणारा म्हणून ओळखत होते. तो नुसता जवळून जाऊही शकतो, हे मला माहीत नव्हतं. मी बर्फात पाणी सोडलं, नमस्कार केला आणि तरीही मनाला सांगितलं, की हे दर्शन नव्हे. त्याचं बिंब दिसलं नाही.

संध्याकाळी तिने आम्हाला आपल्या घरी नेलं. ढग विरळ व्हायची वाट बघायची होती आणि तिथून आभाळ मोकळं दिसतं, असं ती म्हणाली. लाल रंगाचं लाकडी घर, बाजूला होडीची शेड. शेडचं दार उघडलं आणि मी दचकलेच, कारण आतून थेट माझ्या माहेरचा वास आला. आढ्याला सुकवलेले मासे टांगले होते, हातभर लांब, लाकडासारखे कडक. मी एक हातात घेऊन हुंगला. इतक्या लांब, बर्फात, सूर्य नसलेल्या गावात सुकी मासळी. मी तिला विचारलं, मीठ लावता का, किती दिवस ठेवता, माश्या लागत नाहीत का. ती म्हणाली, मीठ नाही, वारा आणि थंडी पुरते. हे कौतुकाने बघत होते, कारण इतका वेळ मी बोललेच नव्हते. घरात परत येताना उंबऱ्याशी माझ्या डोळ्यांसमोर अंधारी आली आणि मारिटने मला धरून खुर्चीवर बसवलं.

तिने माशांचं पांढरं सूप समोर ठेवलं. मासे वर्ज्य असलेला वारही त्या दिवशी आडवा येत नव्हता. मी मान हलवली. तेव्हा तिने यांना विचारलं, की ही दोन दिवस का जेवत नाही, माझ्या हातून काही चुकलं का. यांनी सांगितलं. हॉस्पिटलची खिडकी, मुलगी, शब्द, सगळं. ती हसेल असं मला वाटलं होतं. ती हसली नाही. तिने खिडकीतल्या छोट्या दिव्याकडे बघितलं आणि सावकाश, आम्हाला कळेल अशा बेताने सांगायला लागली. तिचा नवरा मासेमारीला जायचा. तो समुद्रावर असला की हा दिवा लावायचा आणि तो येईपर्यंत जागं राहायचं, असा तिने नेम केला होता. आपण झोपलो तर होडी बुडेल, असं तिला वाटायचं. एकदा ती तापाने फणफणली होती, बसल्या जागी झोप लागली, दिवाही विझला. सकाळी जाग आली तर नवरा चुलीपाशी कॉफी करत होता. पुढे काही वर्षांनी तो गेला, समुद्रातच. "त्या वेळी मी जागी होते," मारिट म्हणाली. "दिवाही लावलेला होता."

मग ती उठली, भिंतीवरचा फोन काढून माझ्या हातात दिला आणि म्हणाली, मुलीशी बोल. एवढंच. काय करावं हे तिने मला सांगितलं नाही, आणि मला वाटतं म्हणूनच मी ऐकलं.

फोन शोभाताईंनी उचलला. त्यांचा आवाज नेहमीसारखा खणखणीत नव्हता. "ताप काही फार नाही," त्या म्हणाल्या, "सकाळी उतरला म्हणून शाळेत धाडली, पण दुपारी आल्यापासून पोरगी काहीच खाऊन नाही राहिली. खिचडी केली, भात केला, तोंडच उघडत नाही. गोळी उपाशीपोटी कशी देऊ? घे, तूच बोल." मग ऋचाचा घोगरा आवाज आला. "आई, टीचर सेड देअर इज नो सन देअर. देन हाउ आर यू ईटिंग?" मी घसा कसा आहे ते विचारलं. मग ती म्हणाली, "यू आर नॉट ईटिंग, नो? बिकॉज ऑफ मी." आणि पुढचं मराठीत म्हणाली, जे ती क्वचितच बोलायची, "मग मी पण नाही जेवणार."

इतकी वर्षं मी समजत होते की मी माझ्या उपासाने तिच्याभोवती कुंपण घातलं आहे. त्या कुंपणाच्या आत ती काय करत होती, हे मी कधी विचारलंच नव्हतं. ती आठ-नऊ वर्षांची पोर, मनात धरून होती की आई आपल्यामुळे उपाशी राहते. फोनमधून पुन्हा शोभाताईंचा आवाज आला, या वेळी हळू. "तुझ्या देवाबद्दल मी काही बोलत नाही बाई. पण या लेकराला तू ओलीस ठेवून राहिली. ते काढून घे." मला त्यांचा राग आला नाही. फार मोठं ओझं कुणीतरी हातातून घ्यावं आणि मगच दंड किती दुखत होते ते कळावं, तसं झालं.

मी मारिटला खुणेने सांगितलं, तिने सूपचा वाडगा जवळ सरकवला. फोन कानाशी धरून मी मनात म्हटलं, सूर्यनारायणा, मी जेवते आहे. ही पोर माझी आहे तशीच तुझीही आहे. मी काही सांभाळू शकत नाही, तूच बघ. आणि मी पहिला चमचा तोंडात घातला. मोठ्याने म्हटलं, "ऋचा, मी खातेय. माशांचं सूप आहे, आपल्या सारासारखं, पण तिखट नाही. आता तू खा." तिने विचारलं, "रिअली? साउंड कर." मग मी लहान मुलासारखा भुरका मारला. तिकडून ताटलीवर चमचा वाजल्याचा आवाज आला. आम्ही दोघी अशा जेवलो, ती एक घास, मी एक चमचा, मध्ये अख्खा युरोप. माझ्या डोळ्यांतून पाणी गळून वाडग्यात पडत होतं आणि हे पाठमोरे होऊन उगीच खिडकीतून बाहेर बघत होते. सूप अळणी होतं, तरी मी ते पुन्हा मागून घेतलं.

जेवून झालं, फोन ठेवला, आणि मग मारिट बाहेरून आत आली. ढग केव्हा सरले होते कुणाच्या लक्षात आलं नव्हतं. तिने जाकिटं आमच्या अंगावर टाकली आणि नुसतं "चला" म्हणाली. बाहेर डोंगरामागून एक हिरवट पट्टा वर आला होता. आधी मला वाटलं, ढगच आहे. मग तो हलला. वाऱ्यावर वाळत घातलेलं नऊवारी लुगडं जसं एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत लहरत जातं, तसा तो अख्ख्या आभाळभर लहरत गेला, आणि त्याच्या काठाला जांभळट किनार होती. आवाज मुळीच नव्हता. मी कान देऊन ऐकलं. बर्फावरही हिरवा उजेड पडला होता, माझ्या हातावरही. म्हणजे तो अंगावर पडतो. सनदला पडलेल्या माझ्या सगळ्या प्रश्नांची उत्तरं मिळत होती आणि त्या जागी नवे प्रश्न येत होते. मी मारिटला विचारलं, की हा उजेड येतो कुठून. आणि ती म्हणाली, "सूर्यापासून." सूर्यातून बारीक कण निघतात, इतक्या लांबून येतात, आणि इथे हवेला लागले की पेटतात. तो स्वतः वर येत नाही तेव्हाही त्याचं येणं चालूच असतं, असं तिने सहज सांगून टाकलं. ती शाळेतल्या मुलांना सांगावं तसंच सांगत होती. मी मात्र बर्फात गुडघे टेकले.

हे हलकेच म्हणाले, "बघ, झालं ना दर्शन. नेम मोडला नाही तुझा." यांनी ते मला बरं वाटावं म्हणून म्हटलं, पण मला ते खोडून काढावंसं वाटलं. नेम मोडलाच होता. मी आधी जेवले होते आणि तो नंतर आला होता. तो माझ्या उपासाची किंमत द्यायला आला असता तर आदल्या संध्याकाळी आला असता, जेव्हा मी कडकडीत उपाशी होते. मी शब्द मोडल्यावर तो आला, आणि असा आला की आयुष्यात तितकं मोठं रूप मी त्याचं पुन्हा पाहिलं नाही. दोन वर्षं मी त्याला जितका कोता समजत होते, तितका तो नव्हता. ढग त्याच वेळी का सरले, त्याच बाईच्या घरात आम्ही का होतो, हे विचारायला मला अजून आवडतं, पण उत्तर मिळालंच पाहिजे असा हट्ट आता उरलेला नाही.

ऋचाचा ताप त्या रात्री उतरला, असं मी सांगितलं तर गोष्ट छान होईल, पण तसं झालं नाही. घसा बरा व्हायला जेवढे दिवस लागतात तेवढे लागले. आम्ही परतलो तेव्हाही ती खोकतच विमानतळावर आली होती, शोभाताईंचा हात धरून. तिला मिठीत घेतलं तेव्हा अंग किंचित कोमट लागलं. पूर्वी मी तिथल्या तिथे मनातले दिवस चाचपायला लागले असते. त्या दिवशी मी फक्त विचारलं, गोळी घेतली का. मारिटला मी पुढे काही वर्षं नाताळात कार्ड पाठवत असे. शोभाताईंचे आभार मानायला गेले, तर त्या म्हणाल्या, "मला काय सांगून राहिली, सुपरवायझरला सांग," आणि आम्ही दोघी पोट धरून हसलो.

सकाळचा नमस्कार मी सोडलेला नाही. पूर्वी हात जोडताना मी त्याला आठवण करून द्यायचे, की मी माझं केलंय, आता तू तुझं कर. आता मागायचं सुचत नाही, तो दिसला की आनंद होतो आणि ढगाआड असला की तो तिथे आहे हे ठाऊक असतं. ऋचा मोठी झाली, शिकली, लांब गेली. तिच्या वाट्याला दुखणी आली, अपघात आला, एक बाळंतपण फार कठीण गेलं. प्रत्येक वेळी तीच धास्ती वाटली. श्रद्धेने भीती जाते असं म्हणतात, माझी काही गेली नाही. भीती वाटते, मी तिला त्याच्या हवाली करते, आणि पान वाढून घेऊन जेवायला बसते.